धार न लावलेला कोयता

आजच्या समारंभाचे अध्यक्ष, वरिष्ठ पोलीस निरीक्षक आदरणीय यशवंतराव ढमढेरे साहेब. प्रमुख पाहुण्या, अतिरिक्त सरकारी अभियोक्ता मृदुलाताई बर्वे. सत्कारमूर्ती, सहायक पोलीस उपनिरीक्षक रहिमान शिकलगार, ज्यांना हे सारे ठाणे चाचा म्हणते आणि गेल्या काही वर्षांपासून माझ्यासारखा बाहेरचा माणूसही म्हणू लागला आहे. त्यांच्या सहधर्मचारिणी नजमुन्निसाभाभी. सभागृहातील सर्व अधिकारी, अंमलदार. आणि ड्यूटी बदलून न मिळाल्यामुळे जे दारात उभे राहून, एक कान वायरलेसकडे ठेवून ऐकत आहेत ते माझे बंधू-भगिनी,

सर्वांना नमस्कार.

सूत्रसंचालिका अंजलीताईंनी माझी ओळख फार उदारपणे करून दिली. त्यात एक वाक्य असे होते की, टेंबे साहेबांच्या विवरणपत्राला एकतीस वर्षांत एकदाही शुद्धिपत्रक लागलेले नाही. आपण टाळ्या वाजवल्यात. त्या टाळ्या मला, खरे सांगतो, खुर्चीत नीट बसू देत नव्हत्या. त्याचे कारण पुढे येईल. आधी रीतीप्रमाणे थोडे माझ्या कामाविषयी बोलतो, कारण त्याशिवाय चाचांच्या कामाचे मोल मला सांगता येणार नाही.

मी नंदकिशोर टेंबे. वाणिज्य शाखेचा पदवीधर. सहायक आयुक्तांच्या कार्यालयात वरिष्ठ लिपिक आहे. सांख्यिकी आणि आवक-जावक, ही दोन टेबले माझ्याकडे आहेत. नातेवाइकांना वाटते मी पोलिसात आहे, आणि पोलिसांना वाटते मी बँकेत असायला हवा होतो. दर महिन्याच्या पाच तारखेला मी एक विवरणपत्र वर पाठवतो. आपल्या हद्दीत किती माणसे मारली गेली, कोणत्या कारणाने, आणि स्तंभ नऊ: वापरलेले हत्यार.

सेवानिवृत्तीच्या निरोपसमारंभात, समोर पेढे ठेवलेले असताना, हा माणूस हत्यारांविषयी का बोलतो आहे, असे आपल्या मनात आले असेल. पण सांगा, ज्या गृहस्थांनी अकरा वर्षे मुद्देमालाची खोली सांभाळली, खुनात वापरलेली प्रत्येक वस्तू जप्त झाल्यापासून न्यायालयात दाखवली जाईपर्यंत ज्यांच्या हवाली होती, त्यांच्याविषयी बोलताना दुसऱ्या कशाविषयी बोलणार?

हिशेबी माणसाला एक वाईट सवय असते. आपला आकडा दुसऱ्याच्या आकड्याशेजारी ठेवून पाहायची. मी जगभरचे असे अहवाल वाचतो. घरी माझी कन्या सई म्हणते, "बाबा, जेवताना तरी नको." त्या अहवालांवरून ढोबळमानाने इतके दिसते की, जगात माणूस माणसाला मारतो तेव्हा त्याच्या हातात सर्वाधिक वेळा बंदूक असते. अमेरिकेच्या दोन्ही खंडांत तर फारच. आशियात आणि युरोपात धारदार वस्तूचे प्रमाण चढते. त्यानंतर बोथट वस्तू, दोरी, हात, विष, आग. माणसाने चंद्रावर पाऊल ठेवले तरी ही यादी फारशी वाढलेली नाही. हाताशी जे असते तेच हत्यार होते.

आणि आपल्या पट्ट्यात हाताशी काय असते? चाकणपासून तळवड्यापर्यंत जे जे तयार होते, ते ते. माझ्या विवरणपत्रात 'इतर' नावाचा एक रकाना आहे. गेल्या पाच वर्षांत त्या रकान्यात मी काय काय बसवले ते सांगतो: पाइप पाना, गिअरचे रिजेक्ट झालेले दातेरी चाक, पेव्हर ब्लॉक, ट्रॉलीचा दांडा, मोबाइलच्या चार्जरची वायर, आणि पुनावळ्याच्या एका चांगल्या सोसायटीतील, चांगल्या घरातील, पोळपाट. पिस्तूलही येते, नाही असे नाही. पण आपल्याकडचे राज्य कोयत्याचे आहे, हे येथे बसलेल्यांना मी सांगायला नको.

हे सारे चाचांच्या खोलीत जात असे. ती खोली ज्यांनी पाहिली नसेल त्यांनी आज जाताना पाहावी. प्रत्येक पात्याला सायकलची जुनी ट्यूब चिरून म्यान घातलेले आहे. का? तर न्यायालयात नेणाऱ्या शिपायाचा हात कापू नये. प्रत्येक पुडक्याला लेबल, लेबलावर पंचांच्या सह्या, वर लाखेची मोहोर. वर्षाअखेर तपासणीला मी जात असे. यादी आणि खोली यांत अकरा वर्षांत एक टाचणीचाही फरक सापडला नाही. मी प्रयत्न करून पाहिला आहे.

शिकलगार हे चाचांचे नुसते आडनाव नव्हे. त्यांचे वडील आणि आजोबा सायकलच्या चाकाला सहाण बसवून गावोगाव विळ्या-सुऱ्यांना धार लावून देत. चाचा पोलिसात आले आणि नियतीने त्यांच्याकडे पुन्हा पातीच दिली. याच अंजलीताई, नव्याने भरती झाल्या तेव्हा, त्यांना म्हणाल्या होत्या, "चाचा, आईची विळी बोथट झालीये, घेऊन येऊ का?"

चाचा म्हणाले, "आण की. पण दोन पंच घेऊन ये. आणि परत न्यायला कोर्टाची ऑर्डर लागेल बघ."

आपण हसलात, बरे झाले. चाचाही हसले. आता मी जे सांगणार आहे ते त्यांनाही ठाऊक नाही. अध्यक्ष महोदय, मी कागदावर लिहून आणलेल्या भाषणाची दोन पाने येथे बाजूला ठेवतो आहे.

यंदाच्या आठ जानेवारीला तळवड्यातील एका लहान कारखान्यात रणजीत नावाचा मजूर ठेकेदार मारला गेला. रबराचे पट्टे कापून देणारा तो कारखाना. येथील बऱ्याच जणांनी त्या प्रकरणात बंदोबस्त केला आहे. दोन दिवस आधी रजेवरून त्याचे आणि ओंकार नावाच्या फिटरचे गेटवर भांडण झाले होते. चारचौघांनी ऐकले होते. दहा जानेवारीला ओंकारच्या खोलीची झडती झाली, कॉटखाली एक कोयता सापडला, ओंकारला अटक झाली. वय वर्षे एकोणतीस. येत्या आठ जुलैला न्यायालयात त्याच्यावर आरोपनिश्चिती आहे, आणि ते प्रकरण मृदुलाताई चालवणार आहेत.

न्यायप्रविष्ट गोष्टीविषयी व्यासपीठावरून बोलू नये, हा संकेत मला माहीत आहे. मी दुसऱ्यांना तो अनेकदा शिकवला आहे. ओंकार निर्दोष आहे, असे मी म्हणणार नाही. दोषी आहे, असेही नाही. ते ठरवण्याचे शिक्षण माझे नाही. मी फक्त एका कागदाविषयी बोलणार आहे. तो कागद माझ्या ताब्यात होता.

कोयता ठाण्यात आला तेव्हा लाख वितळवून मोहोर लावण्यासाठी नेहमीप्रमाणे चाचांना बोलावले. पंचनामा संगणकावर चालला होता. ही पद्धत आपणा सर्वांना परिचित आहे. मागच्या गुन्ह्याचा पंचनामा उघडायचा, नावे बदलायची, लांबी-रुंदी बदलायची. वाक्य तसेच राहते: 'एक लोखंडी धारदार कोयता, लाकडी मूठ असलेला'. कोयता म्हटला की आधीचा शब्द बोटांतून आपोआप उतरतो. मी कोणालाही दोष देत नाही. ते वाक्य मी स्वतः शेकडो पंचनाम्यांत वाचले आहे आणि एकदाही मला प्रश्न पडलेला नाही.

चाचांना पडला. त्यांनी कोयता उजेडाकडे आडवा धरला आणि म्हणाले, "साहेब, धारदार लिहू नका. ह्याला धारच नाही."

लिहिणारे म्हणाले, "चाचा, कोयता आहे की लाटणं आहे?"

"कोयता आहे. पण कोरा आहे. दुकानात मिळतो तसा. हा घेतल्यावर शिकलगाराकडं न्यावा लागतो, मग तो कापतो. अजून नेलेलाच नाही."

"बरं, बघू नंतर. लाख आणा, पंच ताटकळलेत."

पंचनाम्यात 'धारदार' राहिले. पण स्वतःच्या मुद्देमाल नोंदवहीत, त्याच दिवशी, चाचांनी स्वतःच्या अक्षरात लिहिले: 'लोखंडी कोयता, धार न लावलेला'. ती नोंद आजही तशीच आहे. आज दुपारी मी पुन्हा जाऊन पाहून आलो.

पुढे शवविच्छेदनाचा अहवाल आला. त्यात जखमांच्या कडा स्वच्छ, सरळ, लांब कापलेल्या असल्याचे लिहिले होते. चाचांनी तो वाचला आणि त्यांची झोप गेली, असे भाभींनी मला आज सांगितले. कोरा कोयता ठेचतो, फाडतो, हाड मोडतो. तशी सरळ चीर त्याने पडते का, हे एखाद्या जाणकार डॉक्टरला मुद्दाम विचारायला हवे होते. आणि चाचांना आणखी एक गोष्ट ठाऊक होती. रबर कापणाऱ्या त्या कारखान्यात प्रत्येक कामगार पॉवर हॅकसॉच्या, म्हणजे यंत्रकरवतीच्या, तुटलेल्या पात्याला ग्राइंडरवर धार काढून स्वतःची सुरी बनवतो. मुठीला चिकटपट्टी गुंडाळतो. अशा दहा-बारा सुऱ्या तेथे बाकावर पडून असत. त्या कोणी जप्त केल्या नाहीत, कारण हत्यार आधीच सापडले होते. कागदावर.

तीन फेब्रुवारीला चाचांनी दीड पानाचा अहवाल लिहिला. ठाण्यातून 'बघू नंतर' हे उत्तर त्यांना दोनदा मिळाले होते, म्हणून त्यांनी तो आमच्या कार्यालयाला, सहायक आयुक्तांच्या नावे पाठवला. स्वतः घेऊन आले. आवक टेबलावर मी होतो.

मी तो त्यांच्यासमोरच वाचला. ते उभे होते. मी त्यांना बसा म्हटले नाही, हे आज आठवते.

त्यांनी विचारले, "साहेब, बरोबर लिहिलंय ना? मराठी कच्ची आहे माझी."

मराठी उत्तम होती. मला अडचण दुसऱ्याच ओळीची होती. शेवटच्या परिच्छेदात त्यांनी लिहिले होते की, 'वरिष्ठ कार्यालयास पाठवलेल्या मासिक विवरणपत्रातही सदर हत्यार धारदार शस्त्र असे दर्शवले असल्यास त्याची दुरुस्ती व्हावी.' जानेवारीचे विवरणपत्र मी त्याच सकाळी, मुदतीच्या दोन दिवस आधी, सही होऊन वर पाठवले होते. स्तंभ नऊ: धारदार शस्त्र. दुरुस्ती म्हणजे शुद्धिपत्रक. शुद्धिपत्रक म्हणजे कारणमीमांसा, आणि त्याखाली माझी सही.

मी चाचांना म्हणालो, "शिकलगार, पंचनाम्यात जे आहे तेच मी धरणार. तुम्ही डोळ्यांनी पाहिलेलं मला धरता येत नाही."

ते म्हणाले, "बरोबर आहे साहेब. पण कागद वर जाऊ द्या. वरचे धरतील."

मी म्हणालो, "ठेवून जा."

ते ठेवून गेले. त्यांनी पोच मागितली नाही. अकरा वर्षे दुसऱ्यांना प्रत्येक पुडक्याची पोच देणाऱ्या माणसाने माझ्याकडे पोच मागितली नाही, कारण त्यांना वाटले, टेंबे साहेबांकडे दिले म्हणजे झाले. मी तो अहवाल आवक नोंदवहीत चढवला नाही. उजव्या हाताच्या दुसऱ्या खणात ठेवला. फेकायचा नव्हता. दडपायचा नव्हता. फक्त उद्या पाहू, असे वाटले होते. ज्यांनी आयुष्यात एखादा कागद उद्यावर टाकला असेल त्यांना मी काय म्हणतो ते समजेल. हात वर करू नका.

पहिला आठवडा मला भीती नव्हती, नुसता कंटाळा होता. भीती सुरू झाली बावीस फेब्रुवारीला. त्या दिवशी एका अर्जावरून मला कळले की, तळवड्याचा तो कारखाना मालकाने बंद केला, यंत्रे विकली आणि उरलेले सामान भंगारात गेले. बाक, ग्राइंडर, पाती. एकोणीस दिवस तो कागद माझ्या खणात होता. तो पहिल्याच दिवशी साहेबांसमोर गेला असता, तर त्या सुऱ्या मिळाल्या असत्या का? मला माहीत नाही. मिळून काही निघाले असते का? तेही माहीत नाही. पण आता ते कोणालाच कधी कळणार नाही, आणि याला कारण कोणी दरोडेखोर नाही, मी आहे.

त्यानंतर कागद बाहेर काढणे अधिकच अवघड झाले. आता नुसते शुद्धिपत्रक नव्हते, एकोणीस दिवसांचा खुलासाही द्यावा लागला असता. मग तो तीस दिवसांचा झाला. मग दोन महिन्यांचा. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात दोषारोपपत्र न्यायालयात गेले. त्यासोबत पंचनामा गेला. चाचांचा अहवाल गेला नाही. मृदुलाताई, आपण तो वाचलेला नाही, कारण तो आपल्यापर्यंत आलाच नाही.

या काळात चाचा मला तीनदा भेटले. दर वेळी एकच प्रश्न. "साहेब, गेलं का?"

आणि मी दर वेळी म्हणालो, "वर आहे."

चाचा, ते खोटे होते. तो कागद वर नव्हता. माझ्या गुडघ्याजवळ होता.

आपण सभागृहात एकमेकांकडे पाहता आहात. पाहा. पण मला आणखी पाच मिनिटे द्यावीत.

गेल्या महिन्यात तपासणीसाठी मी या ठाण्यात आलो होतो. बाहेरच्या बाकावर एक वयस्कर बाई बसल्या होत्या. हिरवे लुगडे, मांडीवर पिशवी. आपण सर्व त्यांना ओळखता. केसरबाई. ओंकारच्या आई. राजगुरुनगरच्या पलीकडच्या एका गावाहून त्या दर मंगळवारी दोन गाड्या बदलून येतात. त्यांचे येथे काही काम नसते. चाचा त्यांना चहा देतात, त्या तो पितात आणि जातात.

मला पाहून त्या उठल्या. "सायेब, तुमी त्या वरल्या हापिसातले ना?"

मी म्हणालो, "हो."

"चाचांनी त्या कोयत्याचा कागद धाडलाय म्हनं तिकडं. पोचला का?"

मी म्हणालो, "कार्यवाही चालू आहे."

"म्हंजी पोचला?"

"आजी, प्रक्रिया असते. वेळ लागतो."

त्यांनी पिशवी बाकावर ठेवली. म्हणाल्या, "म्या काय लई इचारत न्हाई. त्यो कोयता माजा हाय. शेरडांना पाला तोडाया म्याच आनाया सांगितला व्हता त्याला. बाजारातून घेतला, पन त्या दिशी धार लावनारा आलाच न्हवता. म्हनला, आये, पुडच्या खेपंला धार लावूनच आनतो. येवढंच हाय. पोचला का न्हाई, व्हय म्हना न्हाईतर न्हाई म्हना. म्या परत न्हाई इचारनार."

मी काय म्हणालो असेन? मी म्हणालो, "मला साहेबांकडे जायचे आहे." आणि आत निघून गेलो.

माझ्याकडे वाणिज्य शाखेची पदवी आहे. एकतीस वर्षांचे निर्दोष सेवापुस्तक आहे. आणि एका बाईला हो किंवा नाही एवढे सांगण्याचे धाडस माझ्याकडे नव्हते. त्या दिवसापासून मी जेवायला बसलो की हात थांबतो. सई विचारते, "बाबा, आता अहवालही वाचत नाही, तरी जेवत का नाही?" गेल्या महिन्याभरात मी तो खण रोज उघडून पाहिला आहे, कागद आहे ना म्हणून. असला तरी भीती वाटते, आणि कधी दिसला नाही तर काय, याचीही वाटते.

आत्ता माझ्यासमोर एक चिठ्ठी आली आहे. अध्यक्षांच्या हस्ताक्षरात आहे. 'टेंबे, हे माझ्या केबिनमध्ये बोलू.' साहेब, आपला हेतू चांगला आहे, याविषयी मला शंका नाही. मी याआधी दोनदा आपल्या केबिनमध्ये आलो होतो. दोन्ही वेळा आत चहा मिळाला, इकडच्या तिकडच्या गप्पा झाल्या आणि मी कागद तसाच बॅगेत घेऊन परत गेलो. बंद दाराआड माझी भीती जिंकते, हे मी अनुभवाने ओळखले आहे. दीडशे माणसांसमोर तिला जिंकता येऊ नये, म्हणून मी हे येथे बोललो. चाचांच्या समारंभाचा मी असा वापर केला, त्याचे मला वाईट वाटते. पण चाचा, तुमच्याविषयी मी यापेक्षा खरे असे दुसरे काय बोलू शकलो असतो? सरकारी नोकरीत डोळ्यांनी पाहिलेले आणि कागदावर लिहिलेले यांत फरक पडला, की आम्ही बहुतेक जण कागदाच्या बाजूने उभे राहतो. तुम्ही वस्तू हातात घेऊन उजेडाकडे धरली. तुमचा सत्कार त्यासाठी व्हायला हवा. शाल कशासाठी घातली हे पाहणाऱ्यांना कळायला हवे.

चाचांनी आत्ता बसल्या जागेवरून काहीतरी म्हटले. मागे ऐकू गेले नसेल, म्हणून मी सांगतो. ते म्हणाले, "साहेब, एवढंच होतं तर मला परत द्यायचा होता. मी दुसरीकडं नेला असता."



आता मी करतो ते पाहावे. माझ्या या फाइलमध्ये तीन कागद आहेत. पहिला, चाचांचा तीन फेब्रुवारीचा अहवाल, मूळ प्रत. तो आमच्या कार्यालयाच्या आवक नोंदवहीत आज सकाळी चढवला आहे. आजच्याच तारखेने. मागची तारीख टाकण्याची सोय होती, एक ओळ रिकामी सोडलेली होती. ती मी तिरपी रेघ मारून बंद केली. दुसरा कागद, माझा खुलासा. एकशे सत्तेचाळीस दिवस तो अहवाल कोठे होता आणि का होता, याचा. त्यात प्रकृती, कामाचा ताण, कर्मचाऱ्यांची कमतरता यांतले एकही कारण मी लिहिलेले नाही. तिसरा कागद, जानेवारीच्या विवरणपत्राचे शुद्धिपत्रक. स्तंभ नऊमध्ये 'धारदार शस्त्र' याऐवजी 'हत्यार निश्चित नाही' असे वाचावे. त्यावर अनुक्रमांक घालायचा असतो. मी 'एक' घातला आहे.

मृदुलाताई, या तिन्हींची एक प्रत आपल्यासाठी आहे. मागे एका प्रशिक्षणात आपण म्हणाला होतात, कागद माझ्या बाजूचा असो की विरुद्ध, तो आधी माझ्या टेबलावर हवा. आपल्याला ते आठवत नसेल. मी टिपून घेतले होते. आठ जुलैच्या आत तो आपल्या टेबलावर आहे. तो न्यायालयासमोर आणि आरोपीच्या वकिलांसमोर कसा ठेवायचा, हे आपण जाणता. मला साक्षीला बोलावले तर मी येईन.

मूळ संच अध्यक्षांच्या हाती देतो, कारण पुढचा तपास याच ठाण्याचा आहे आणि डॉक्टरांना प्रश्न येथूनच जायचा आहे.

ही संधी दिल्याबद्दल मी अध्यक्षांचे आणि आयोजकांचे आभार मानतो. संधी कशासाठी होती आणि मी कशासाठी घेतली, यात अंतर पडले. अंजलीताई, तुम्ही माझी ओळख लिहिली तेव्हा ती खरी होती असे तुम्हाला वाटले. तुमची त्यात चूक नाही. भाभी, आजच्या दिवशी तुमच्या घरच्या आनंदात मी ही गोष्ट आणली. आपण उदार मनाने पाहावे. बोलताना कोणाचा अधिक्षेप झाला असेल, एखादा शब्द वावगा गेला असेल, तर या सभागृहाने मला क्षमा करावी. त्या एकशे सत्तेचाळीस दिवसांची क्षमा मात्र मी आपल्याकडे मागत नाही. ती देण्याचा अधिकार आपल्यापैकी कोणाकडे नाही.

आता शेवटची विनंती, आणि ती अध्यक्षांना आहे. साहेब, पोच द्यावी. माझ्याकडे राहणाऱ्या या प्रतीवर, येथे, उजव्या कोपऱ्यात. सही, शिक्का असल्यास शिक्का, तारीख, आणि कृपया वेळही लिहावी. उद्या सकाळपासून हा अहवाल एका निवृत्त गृहस्थाचा अर्ज ठरेल, आणि अर्जांचे काय होते हे आपण दोघेही जाणतो. आत्ता पाच वाजून चाळीस मिनिटे झाली आहेत. कार्यालय सव्वासहाला सुटते. सहायक उपनिरीक्षक शिकलगार अजून पस्तीस मिनिटे सेवेत आहेत.

पेन माझ्याकडे आहे, साहेब.